परत जाण्याचे पैसे कोण देणार?

प्रति,
माहितीपटांना निधी देणाऱ्या संस्थांचे विश्वस्त आणि महोत्सवांच्या निवड समित्यांचे सदस्य यांस,

सप्रेम नमस्कार.

माझं नाव तुम्ही वाचलं असेल तर शेवटच्या पाट्यांमध्ये, आभारांच्या जरा वर, बारीक अक्षरांत. माहितीपटांसाठी घेतलेल्या मुलाखती मी शब्दशः उतरवून काढते आणि त्यांचे सबटायटल लिहिते. अठरा वर्षं हेच काम करते आहे. दिग्दर्शक मुलाखत एकदा ऐकतो, समोर बसून. एडिटर त्याला हवा तेवढा भाग ऐकतो. मी सगळं ऐकते, एकेक वाक्य तीन-चार वेळा, कारण मागे पंखा फिरत असतो, कुकरची शिट्टी होते, बोलणाऱ्याचा आवाज खाली जातो. ध्वनिमुद्रणाचं यंत्र कॅमेऱ्याच्या आधी सुरू होतं आणि बहुतेक वेळा नंतर बंद होतं. त्यामुळे मुलाखतीच्या आधीचं आणि ‘कट’ म्हटल्यानंतरचंही माझ्या कानावर येतं. हे पत्र त्या आवाजांमुळे लिहिते आहे.

दंगल, गोळीबार, कत्तल यांतून गेलेल्या वस्त्यांच्या आठवणींवर जे माहितीपट होतात, त्यांतले बरेचसे तुमच्या पैशांवर उभे राहतात. तुमचा अर्ज मी अनेकदा भरून दिला आहे, दिग्दर्शकांना मदत म्हणून. त्यात संशोधनाला रकाना आहे. प्रवासाला, कॅमेऱ्याच्या भाड्याला, रंगसंस्काराला, महोत्सवांच्या प्रवेश शुल्काला रकाना आहे. जी माणसं बोलली त्यांच्याकडे परत जाण्याला रकाना नाही. तो असावा, एवढीच माझी मागणी आहे. मागणी छोटी आहे, पण ती का करते हे सांगायला थोडा वेळ घेईन.

एका बाईंबद्दल सांगते. त्यांना मी चाची म्हणेन. त्यांची ओळख पटेल असे तपशील मी बदलले किंवा गाळले आहेत, आणि हे पत्र लिहिण्याआधी त्यांना विचारलं आहे. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३च्या दंगलींनंतर मुंबई सोडून मुंब्र्याला गेलेल्या असंख्य कुटुंबांतलं त्यांचं एक. मुलगा जानेवारीत कामाला म्हणून घराबाहेर पडला. तो परत आला नाही. प्रेत मिळालं नाही, त्यामुळे दफन नाही, दाखला नाही.

त्या दंगलींची चौकशी करणाऱ्या श्रीकृष्ण आयोगाचे आकडे तुम्हाला माहीत असतील. ९०० मृत: ५७५ मुसलमान, २७५ हिंदू, ४५ जणांची ओळख पटली नाही, ५ इतर. बेपत्ता माणसांची यादी वेगळी, १६८ जणांची. चाचींचा मुलगा त्या दुसऱ्या यादीतल्या माणसांसारखा, ज्यांच्याबद्दल घरातल्यांना आजही वाक्याचा काळ ठरवता येत नाही. चाची एकाच दमात ‘तो होता’ आणि ‘तो आहे’ म्हणतात. सबटायटल लिहिताना मला यातलं एक निवडावं लागलं.

चाची मूळच्या कोकणातल्या, घरात कोकणी मुसलमानांची बोली. मुलाचं लहानपण, चाळीतला गणपती, ईदला शेजारणीकडे पाठवलेली शिरखुर्म्याची वाटी, हे सगळं त्या आपल्या बोलीत सांगत होत्या. जानेवारीतला तो दिवस आला की त्या हिंदीत जायच्या. मला आधी वाटलं, कॅमेऱ्यावरच्या मुलाला मराठी येत नसेल म्हणून. तिसऱ्यांदा ऐकताना उमगलं की ही हिंदी त्यांची नाहीच. ‘करीबन सुबह के साडेआठ बजे’ असं कुठलीही आई आपल्या लेकाबद्दल घरात बोलत नाही. ही पोलीस ठाण्यातली हिंदी होती. वकिलाच्या खोलीतली, प्रतिज्ञापत्रातली, सत्यशोधन समित्यांच्या सतरंजीवरची. कधीतरी कोणीतरी त्यांना ‘साडेआठ की नऊ?’ असं दरडावून विचारलं असणार, म्हणून आता त्या कोणी न विचारताच वेळ सांगतात. मुलाच्या शर्टाचा रंग सांगून लगेच ‘मी स्वतः धुतला होता’ असं जोडतात, कारण ‘तुम्हाला रंग कसा आठवतो’ हाही प्रश्न कधीतरी येऊन गेला आहे.

आयोगानं ५०२ साक्षीदार तपासले. त्यांच्याखेरीज किती जणांनी पंचनाम्यात, पत्रकाराला, अभ्यासकाला, विद्यापीठातून आलेल्या मुलीला हेच सांगितलं असेल याची मोजदाद कोणी केलेली नाही. आणि आयोग तरी सरळ कुठे चालला? जानेवारी १९९६ मध्ये राज्य सरकारनं तो गुंडाळला, मे महिन्यात पुन्हा सुरू केला, अहवाल आला फेब्रुवारी १९९८ मध्ये. या सगळ्या काळात माणसं सांगत होती. आपण कॅमेरा घेऊन जातो तेव्हा आपल्याला वाटतं आठवण मिळाली. पुष्कळदा मिळते ती जबानी, आठवणीवर वर्षानुवर्षं चढलेली. तिच्याखाली पोचायचं तर पुन्हा जावं लागतं, तिसऱ्यांदा जावं लागतं, आणि त्यातल्या काही वेळा कॅमेऱ्याशिवाय.

त्या मुलाखतीत मुलगा डबा घेऊन निघाला, इथपर्यंत चाची आल्या आणि गल्लीतून एक रिक्षा भोंगा वाजवत गेली. ध्वनिमुद्रक म्हणाला, ‘चाची, तेवढं परत सांगाल? डबा घेतला तिथपासून.’ त्यांनी सांगितलं. शब्द न् शब्द तोच. चित्रपटात अखेर पहिलाच टेक गेला, भोंगा साफ करून, कारण दुसऱ्यात हुंदका नव्हता.

मुलाखत संपल्यावर रूम टोन घेतात, म्हणजे त्या खोलीची शांतता अर्धा-एक मिनिट ध्वनिमुद्रित करतात, एडिटिंगमध्ये सांधे बुजवायला. ‘आता कोणी बोलू नका, हलू नका.’ दोन तास प्रश्न विचारणारी चार माणसं पहिल्यांदाच गप्प बसली. त्या शांततेत दीर्घ श्वास ऐकू येतात, बांगडी टेबलाला लागते, आणि मग चाची अगदी हळू, आपल्या बोलीत विचारतात, ‘झाला काय?’ कोणीतरी म्हणतं, ‘हो चाची, झालं, खूप छान झालं.’ वायरी गुंडाळल्या जाऊ लागतात. फाइल तिथे संपते.

खूप छान झालं. मी ते तीन शब्द उतरवले आणि त्यानंतर त्या दिवशी काही उतरवू शकले नाही.

एक गोष्ट स्पष्ट सांगते. तो दिग्दर्शक संवेदनशील माणूस होता आणि आहे. चाचींना भुलवून त्यानं काही वदवून घेतलं नाही. पण त्याच्याकडे मुंब्र्यासाठी पाच दिवस होते, पहिल्या कच्च्या कटची तारीख ठरलेली होती, आणि चित्रीकरण संपलं की कॅमेऱ्याचं भाडं थांबवायचं होतं. रिलीज फॉर्म, म्हणजे बोललेलं वापरायला परवानगी देणारा कागद, इंग्रजीत होता. जगभर, सर्व माध्यमांत, आज असलेल्या आणि पुढे निघणाऱ्या, कायमसाठी. चाचींच्या हातात तेव्हा साधा बटणांचा फोन होता. ‘पुढे निघणाऱ्या माध्यमांत’ म्हणजे नातवाच्या मोबाईलवर, हे त्यांना कोण समजावणार होतं? आम्हालाही ते पुरतं कळलेलं नव्हतं.

चित्रपट पूर्ण होऊन दोन वर्षांनी मी एकटीच मुंब्र्याला गेले, लॅपटॉप घेऊन. कोणी पाठवलं नव्हतं. चाचींनी चित्रपट पाहिलेला नव्हता. त्यांच्या मुलीबरोबर बसून त्यांनी तो पूर्ण पाहिला, स्वतःच्या रडण्याच्या जागी पदर तोंडाला न लावता पाहिला. मी मनाशी तयारी करून गेले होते की त्या रडणं काढायला सांगतील, किंवा मुलाचा फोटो. त्यांनी एकच वाक्य काढायला सांगितलं. एका जुन्या शेजाऱ्याबद्दलचं वाक्य. ते काय होतं हे मी इथे लिहिणार नाही, लिहिलं तर त्यांनी मागितलेलं मीच मोडेन. बोलताना ते खरं होतं आणि अजूनही खरं आहे, असं त्या म्हणाल्या. पण मधल्या काळात त्या शेजाऱ्याची बायको त्यांना शोधत मुंब्र्याला येऊन गेली होती, दोघी एकत्र जेवल्या होत्या. ‘बाय, ती परत आली की मी तिच्या तोंडाकडे कशी बघू?’

दंगलीनंतरच्या आठवणीबद्दल मी बरंच वाचलं आहे, पण तिचं काम काय असतं हे मला त्या प्रश्नानं शिकवलं. आठवण ही त्यांची होती आणि जगायला लागणारी शेजारधर्माची बारीक विणही त्यांचीच होती. दोन्ही कशा सांभाळायच्या हे त्या ठरवत होत्या, रोज. आम्ही त्यातली एक बाजू उचलून कायमची चिकटवून टाकली होती.

मी दिग्दर्शकाला फोन केला. तो लगेच तयार झाला. पण नवा कट म्हणजे पुन्हा एडिटिंग, पुन्हा मिक्सिंग, पुन्हा फाइल बनवणं, ठिकठिकाणी बदलणं. निधी देणाऱ्या संस्थेला त्यानं पत्र लिहिलं. उत्तर आलं की प्रकल्प हिशेबासह बंद झालेला आहे. उत्तरात काही उद्धटपणा नव्हता. नियमाप्रमाणे तो खरंच बंद झाला होता.

आता तुम्ही म्हणाल, ही एका चित्रपटाची अडचण. म्हणून थोडं मागचं सांगते. परत जाऊन दाखवणं ही माझ्या डोक्यातून निघालेली कल्पना नाही. मानवशास्त्रीय माहितीपटाचा तो जुना रिवाज आहे. १९५०च्या दशकात फ्रेंच चित्रकर्ता आणि मानवशास्त्रज्ञ जाँ रूश यानं नायजर नदीकाठच्या अयोरू गावात, पाणघोड्याच्या शिकारीवरचा आपला चित्रपट गावकऱ्यांनाच दाखवला. त्यांचा आक्षेप निघाला तो संगीतावर. शिकारीच्या प्रसंगाला रूशनं त्यांचीच धून लावली होती. ते म्हणाले, शिकारीत आवाज करायचा नसतो, पाण्याखालचा पाणघोडा ऐकेल आणि पळून जाईल. रूशनं संगीत काढलं. पडद्यावर जे होते त्यांना दाखवल्याशिवाय ती चूक जगातल्या कुठल्याही समीक्षकाला दिसली नसती.

याच रूशनं एदगार मोरँबरोबर १९६०च्या उन्हाळ्यात पॅरिसमध्ये चित्रीकरण केलं. त्यात मार्सेलीन लोरिदान आहे, वयाच्या सोळाव्या वर्षी वडिलांबरोबर आउश्वित्झच्या नाझी छळछावणीत नेली गेलेली. वडील परतले नाहीत. ओसाड चौकातून ती एकटी चालते आहे, ध्वनिमुद्रणाचं यंत्र तिच्याच खांद्याला, माइक तिच्याच कोटाला, आणि ती वडिलांशी बोलते आहे. कॅमेरा दूर. समोर प्रश्न विचारणारं कोणी नाही. किती बोलायचं, कुठे थांबायचं, हे तिच्या हातात. माझ्या कामाच्या दृष्टीनं मला तो प्रसंग सगळ्या चित्रपटविद्येहून मोलाचा वाटतो. त्या चित्रपटाच्या शेवटी सहभागी माणसांना चित्रपट दाखवला जातो आणि ती त्यावर भांडतात, तेही चित्रपटातच ठेवलं आहे. १९६१ साली जे सुचलं होतं ते आज तुमच्या अर्जात मावत नाही.

याच्या उलट टोकाचं उदाहरण तुमच्यापैकी बहुतेकांनी पाहिलं असेल. क्लोद लान्झमानच्या ‘शोआ’ या ज्यूंच्या वंशसंहारावरच्या माहितीपटात त्रेब्लिंकाच्या नाझी मृत्युछावणीतून वाचलेला नाभिक अब्राहम बोम्बा केशकर्तनालयात कात्री चालवत बोलतो आहे. ते दुकान चित्रीकरणासाठी घेतलेलं. एका जागी तो थांबतो. त्याला पुढे बोलता येत नाही, तो थांबू द्या म्हणतो. दिग्दर्शक थांबू देत नाही. साक्षीचा इतिहासातला तो महत्त्वाचा क्षण आहे असं मानणारे विद्वान आहेत, आणि लान्झमाननं या कामाला आयुष्याचं दशकभर दिलं होतं हेही खरं. माझं मत वेगळं आहे. तो माणूस नको म्हणाला होता. गेली अठरा वर्षं मी ज्या फाइली ऐकते त्यांत त्या प्रसंगाच्या कितीतरी नकला आहेत. दशकभर देण्याची तयारी नसलेल्या, पाच दिवसांत येऊन जाणाऱ्या मुलांनी केलेल्या. ‘थोडं अजून, चाची.’ ‘बोला काका, बोलल्यानं मोकळं वाटतं.’ मोकळं वाटतं की नाही हे दुसऱ्या दिवशी कळतं, रात्र गेल्यावर. दुसऱ्या दिवशी युनिट पुढच्या गावात असतं.

आणि तरीही या मुलांना मी दोष देत नाही, कारण त्यांना ठाऊक आहे की अर्जासोबतच्या तीन मिनिटांच्या फितीत तुम्ही काय शोधता. ‘पात्राशी जवळीक दिसत नाही’ असा शेरा मी वाचला आहे. जवळीक म्हणजे डोळ्यांत पाणी, चेहरा जवळून. मुंब्र्यातल्या बायका आघात हा शब्द वापरत नाहीत. त्या म्हणतात बीपी वाढलं, झोप उडाली, शटर जोरात पडलं की छातीत धस्स होतं. हे सांगताना त्या रडत नाहीत, भाजी निवडत असतात. ते फुटेज अर्जाच्या फितीत जात नाही.

दुसरी वाट आहे आणि लोक ती चालले आहेत. कंबोडियात चित्रकर्ते रिती पान यांनी ख्मेर रूज राजवटीच्या तुओल स्लेंग तुरुंगातल्या जुन्या पहारेकऱ्यांना त्याच खोल्यांत परत नेलं. २००३ सालच्या त्या चित्रपटात एक पहारेकरी रिकाम्या खोलीत, दिसत नसलेल्या कैद्यांवर ओरडत, कड्या तपासत रात्रपाळी करून दाखवतो, जसं काही त्याचं शरीर ते विसरलेलंच नाही. पण मला त्याहून महत्त्वाचं वाटतं ते पुढचं. पान यांनी पुढाकार घेऊन २००६ मध्ये नोम पेन्हला बोफाना केंद्र उभं केलं. देशाची विखुरलेली दृश्यं आणि आवाज तिथे जमवले आहेत, आणि कोणीही आत जाऊन ते फुकट पाहू शकतो. म्हणजे आठवण परत नेऊन ठेवायला एक पत्ता आहे. मुंबईच्या दंगलींवर इतकं चित्रित झालं. चाचींच्या नातवाला आजीची पूर्ण मुलाखत ऐकायची असेल तर तो कुठे जाईल? ती एका हार्ड डिस्कवर आहे. तिची एक प्रत, खरं तर नियम मोडून, माझ्या कपाटात आहे.

परत जाणं दरवेळी हळवं असतं असंही नाही. कधी ते सुरक्षेचं काम असतं. इंडोनेशियात १९६५-६६ च्या हत्याकांडात पाच ते दहा लाख माणसं मारली गेली असावीत असे अंदाज आहेत. त्यावरच्या जोशुआ ओपनहायमरच्या दोन चित्रपटांच्या श्रेयनामावलीत कितीतरी स्थानिक सहकाऱ्यांच्या नावाच्या जागी ‘अनामिक’ लिहिलेलं आहे. दुसऱ्या चित्रपटात आपल्या भावाच्या मारेकऱ्यांसमोर बसणाऱ्या माणसाला चित्रपट बाहेर येताना कुटुंबासह देशाच्या दुसऱ्या भागात हलवावं लागलं. तो खर्च कोणीतरी उचलला, म्हणून ते झालं.

आणि आपल्याकडे? ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला, दहा जण गेले. त्या धक्क्यात शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवलं. माहितीपटकार आनंद पटवर्धन यांनी तिथून चित्रीकरण सुरू केलं आणि ते चौदा वर्षं जात राहिले. ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये तुम्हाला मुलं मोठी होताना दिसतात, खटला रेंगाळताना दिसतो, माणसांची मतं बदलताना दिसतात. चित्रपट वस्त्यांमध्ये दाखवला गेला, ज्यांचा होता त्यांच्यासमोर. एवढा काळ आणि एवढी चिकाटी प्रत्येकाकडून मागता येणार नाही. पण चौदा वर्षं हे एका माणसाच्या हट्टावर सोडायचं आणि बाकीच्यांना बारा महिन्यांचं वेळापत्रक द्यायचं, हा तुमचा निर्णय आहे. तो बदलता येतो.

बेपत्ता माणसांच्या बाबतीत तर वेळापत्रकाला अर्थच उरत नाही. आमच्या चित्रपटाच्या शेवटी काळ्या पडद्यावर एक पाटी येते, सरकारनं या कुटुंबांसाठी काय केलं नाही ते सांगणारी. ४ नोव्हेंबर २०२२ ला सर्वोच्च न्यायालयानं निकाल दिला: १६८ पैकी ६० जणांच्याच वारसांना भरपाई मिळाली होती, उरलेल्या १०८ जणांच्या कुटुंबांचा शोध घेण्यासाठी समिती नेमा. तीस वर्षांनी. त्या सकाळी मी चाचींच्या मुलीला फोन केला. ती म्हणाली, अम्मी टीव्हीसमोर बसलीय, काही बोलत नाहीय. आमच्या चित्रपटातल्या चाचींना हे अजून माहीत नाही.

तेव्हा मागणी पुन्हा, जरा नेमकी करते. तुमच्या अर्जात ‘परत जाणे’ असा रकाना घाला आणि एकूण रकमेतला ठरावीक हिस्सा त्यासाठी बाजूला ठेवायला सांगा, जो इतरत्र वळवता येणार नाही. कट लॉक व्हायच्या, म्हणजे एडिटिंग पक्कं व्हायच्या आधी बोललेल्या माणसांना त्यांच्या भाषेत, त्यांच्या घरी चित्रपट दाखवण्याचा खर्च त्यातून व्हावा. त्यांनी काढायला सांगितलेलं काढण्याचा व्हावा, आणि प्रदर्शनानंतरही काही वर्षं त्यासाठी हिशेब उघडा राहावा. मुलाखतीच्या दुसऱ्या दिवशी कोणीतरी, शक्यतो वस्तीतलंच आणि मानधन घेणारं, चहाला जाईल, त्याचा व्हावा. पूर्ण मुलाखतीची प्रत कुटुंबाला मिळावी. फॉर्म मराठीत, हिंदीत, उर्दूत असावा, वाचून दाखवलेला असावा आणि त्यात ‘मी माझं म्हणणं मागे घेऊ शकते’ हे वाक्य असावं. काही चित्रपट यामुळे अडतील, काही जोरकस प्रसंग जातील, हे मला कबूल आहे. निवड समित्यांनी दिग्दर्शकाला एक प्रश्न विचारावा: यातल्या माणसांनी हे पाहिलं का, आणि पाहून काय म्हणाली? उत्तर नसेल तर चित्रपट अजून पुरा झालेला नाही असं समजावं.

चाचींचं ते वाक्य आजही चित्रपटात आहे. शेजाऱ्याची बायको अजून मुंब्र्याला येते-जाते. तिच्या घरात आता स्मार्टफोन आहे. एडिटरचा एक दिवस, मिक्सिंगचा अर्धा, नव्या फाइलींचा खर्च वेगळा. मी विचारून ठेवलं आहे. सबटायटलचे पैसे मी घेणार नाही. दिग्दर्शकाची परवानगी लेखी माझ्याकडे आहे. तुमच्यापैकी कोणीही होकार कळवला तर आम्ही त्याच आठवड्यात काम सुरू करू.

आपली,
मुलाखती उतरवून काढणारी